मरियामातेचा दुखवटा

टाचणी बोटात घुसली तशी दोमितीलाने सणसणीत शिवी हासडली. समोर लाकडाची मरियामाता उभी होती. अंगात नुसता पांढरा परकर, डोक्याला केस नाहीत. केसांचा टोप तिच्या मैत्रिणीच्या, तेंचाच्या मांडीवर होता आणि ती तो हलक्या हाताने विंचरत होती.

“दोमी, निदान तिच्यासमोर तरी नको गं,” तेंचा म्हणाली.

“का? इतकी वर्षं कपडे बदलतेय मी हिचे. माझ्या शिव्यांनी हिला झीट येत नाही. आली असती तर बरं झालं असतं.”

गुड फ्रायडेची दुपार होती. तीन वाजता ख्रिस्त मेला की त्याच्या आईला काळे कपडे घालायचे, चर्चच्या मधोमध एकटीला उभं करायचं, आणि संध्याकाळी सगळ्या गावाने तिच्या दुखवट्याला यायचं, ही मेक्सिकोतल्या ग्वानाह्वातोहून आलेल्या आमच्या लोकांची रीत. गाव टेक्सासमधलं असलं म्हणून काय झालं? पोर गेलेल्या आईला एकटीला रात्र काढू द्यायची नाही, एवढी माणुसकी आम्ही सीमेपलीकडून बरोबर आणली होती. निदान यंदाच्या जानेवारीपर्यंत दोमितीलाला तसं वाटत होतं.

जानेवारीत तिचा नेस्तोर गेला. कोंबड्या कापायच्या कारखान्यात तो रात्रपाळीला यंत्रं धुवायचा. यंत्राचा पट्टा चालू ठेवून धुतलं की काम लवकर उरकतं, म्हणून पट्टा चालूच ठेवायचा असा तिथला शिरस्ता, आणि तो पाळायला लावणारा पाळीप्रमुख एवारिस्तो रेयना. पट्ट्याने आधी नेस्तोरची बाही ओढली, मग नेस्तोरला ओढलं. आईच्या ताब्यात शवपेटी दिली ती बंद करूनच. एवारिस्तोने चौकशीला आलेल्यांना सांगितलं की पोराने यंत्र बंद करायला हवं होतं, नियम भिंतीवर लावलेला आहे.

हा एवारिस्तो परका असता तर गोष्ट वेगळी. तो नेस्तोरचा धर्मबाप. बाप्तिस्म्याच्या वेळी पोर त्याच्याच हातांवर रडलं होतं. त्या नात्याने ती त्याची कोमाद्रे, तो तिचा कोंपाद्रे, सख्ख्या भावंडांपेक्षा जवळची माणसं. शिवाय तो चर्चात डीकन, मानाने पाद्र्याच्या खालोखाल. रात्री कारखान्यात माणसांवर खेकसायचं आणि रविवारी पांढरा झगा घालून वेदीपाशी हात जोडायचे, दोन्ही त्याला छान जमायचं.

दफनानंतर नऊ संध्याकाळी मेलेल्याच्या घरी माळेची प्रार्थना असते. दोमितीलाने खुर्च्या मांडल्या, दालचिनी घालून कॉफी उकळली, गोड पाव आणले. पहिल्या संध्याकाळी तेंचा आली. पुढच्या आठ संध्याकाळी कोणी फिरकलं नाही. एवारिस्तोने कोणाला जाऊ नका म्हटलं नव्हतं. तशी गरजच पडली नाही. गावातल्या घरटी एकाचं पोट त्या कारखान्यावर, निम्म्यांकडे राहण्याचे कागद धड नाहीत. ह्या घरात दिसलो तर उद्या कामावर ठेवतील का, हा विचार ज्याने त्याने आपापल्या घरी दार लावून केला. माळेची प्रार्थना अशी, की अर्धी एकाने म्हणायची आणि अर्धी बाकीच्यांनी. दोमितीलाने दोन्ही अर्ध्या स्वतःच म्हटल्या. पाव वाळून दगड झाले ते कुत्र्यांना घातले.

“मी आले असते गं रोज,” तेंचा टोपाकडे बघत म्हणाली. “पण जावयाला कोणीतरी बोललं. तो मला म्हणाला, आई, जरा दिवस जाऊ द्या.”

“गेले ना दिवस? मग झालं तर. तू केस विंचर.”

तेवढ्यात दारात कोणीतरी खाकरलं. एवारिस्तो होता. इस्त्रीचा काळा शर्ट, केसांना तेल.

“कोमाद्रे, जरा बोलायचं होतं.”

“बोला की. तोंडात टाचण्या आहेत, कान मोकळे आहेत.”

“यंदा संध्याकाळी माइकवर तुम्ही बोलावं असं फादरच्या आणि माझ्या मनात आहे. मरियामातेला चार सांत्वनाचे शब्द. तुम्ही आई आहात, तुमच्या तोंडून लोकांच्या काळजाला भिडेल. बिशपच्या ऑफिसातून माणसं येतायत. कारखान्याचे मोठे साहेबही येणार आहेत. छप्पर त्यांनीच घालून दिलं, माहीत आहे ना तुम्हाला?”

“माहीत आहे. आता गळत नाही. काय बोलू मी?”

“क्षमेचं बोला. देवाच्या इच्छेचं बोला.” तो थोडा पुढे आला आणि आवाज खाली आणला. “फक्त कोणाचं नाव घेऊ नका. पवित्र दिवस आहे. आईच्या तोंडी नाव शोभत नाही, कोमाद्रे, सूड वाटतो.”

दोमितीलाने तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या आणि हातातल्या कापडाला टोचून ठेवल्या.

“नऊ दिवसांत एकदा तरी यायचं होतंत, कोंपाद्रे. तुमच्याच हातावर वाढलेलं पोर होतं.”

“माझी अडचण समजून घ्या. मलाही घरात चार तोंडं आहेत खायला घालायला.”

“मला एकच होतं. ते तुम्ही पेटीत बंद करून दिलंत.”

एवारिस्तोने मान खाली घातली. खरंच वाईट वाटलं म्हणून घातली की उत्तर सुचेना म्हणून, हे दोमितीलाला कळलं नाही आणि कळून घ्यायचंही नव्हतं.

“बोलते,” ती म्हणाली. “जा तुम्ही.”

तो गेल्यावर तेंचा म्हणाली, “दोमी, तू हो म्हणालीस? त्या माणसाला?”

“त्याला कुठे? हिला म्हणाले.” दोमितीलाने काळा मखमली झगा मरियामातेच्या डोक्यावरून खसकन खाली ओढला. “हात वर कर, बये. बघत काय उभी राहिलीस? तूही आली नाहीसच की. लाकडाची आहेस म्हणून सोडते.”

संध्याकाळी चर्चात पाय ठेवायला जागा नव्हती. सगळे दिवे मालवलेले, फक्त मरियामातेच्या पायाशी मेणबत्त्या. गालांवरचे काचेचे अश्रू त्यात चमकत होते. बायका डोक्यावर काळ्या ओढण्या घेऊन आल्या होत्या, पुरुष पांढऱ्या टोप्या हातात धरून भिंतींना टेकले होते. पहिल्या बाकावर कारखान्याचे मोठे साहेब सपत्नीक बसले होते. फादर मिनेसोटाकडचा, आमच्या परंपरांचं त्याला भारी कौतुक. त्याने अडखळत्या स्पॅनिशमध्ये सांगितलं की ह्या गावाची श्रद्धा बघून आपलं मन भरून येतं, आणि दुःखी आईचं सांत्वन कसं करावं हे जगाने ह्या लोकांकडून शिकावं. लोकांनी माना डोलावल्या. दोमितीलाच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

ती माइकपाशी गेली. लोकांकडे तिने पाठच केली. ती मरियामातेच्या समोर उभी राहिली.

“बये, तुझ्या दुखवट्याला आले. तुझं पोर गेलं त्याचं मला दुःख आहे. खोटं नाही सांगत.”

बायकांनी रुमाल काढले.

“पण आज मला तुझा हेवा वाटतो. बघ किती माणसं जमलीत तुझ्याकडे. तुझं पोर जाऊन दोन हजार वर्षं झाली, तरी तुझ्या दाराशी यायचं कोणी चुकवत नाही. माझं घर इथून चार गल्ल्यांवर आहे. मी पण खुर्च्या मांडल्या होत्या. मी पण कॉफी उकळली होती. ह्यातलं कोणी आलं नाही, बये. तुझ्या झग्याचे मुके घ्यायला आलेत, आणि माझ्या दारावरून जाताना मान वळवून जातात.”

रुमाल अर्ध्यावर थांबले. कोणाचं तरी पोर रडायला लागलं, त्याला आईने घाईघाईने छातीशी धरलं. पहिल्या बाकावरचे साहेब मात्र प्रेमाने मान हलवत होते. त्यांना स्पॅनिशचा एक शब्द कळत नव्हता.

“मला सांगितलंय, नाव घेऊ नका, सूड वाटतो. म्हणून मी दुपारभर विचार केला. तुझं पोर ज्याच्या हुकमाने मेलं त्याचं नाव आम्ही दर रविवारी श्रद्धेच्या प्रार्थनेत घेतो. उभं राहून, देवाच्या नावाबरोबर. ‘पोंती पिलाताच्या अमलात त्याने दुःख सोसले.’ पोरांकडून पाठ करून घेतो. दोन हजार वर्षांत एक रविवार चुकला नाही, आणि कोणी त्याला सूड म्हणत नाही. श्रद्धा म्हणतात. पिलातही म्हणालाच असेल की, माझा काय दोष, नियम भिंतीवर लावलाय.”

वेदीच्या बाजूला एवारिस्तो उभा होता, मुके घेतल्यावर झग्याची किनार पुसायला हातात पांढरं फडकं घेऊन. तो हलला.

“म्हणून मीही म्हणते. नेस्तोर काब्रेरा, माझा मुलगा. एवारिस्तो रेयनाच्या पाळीत त्याने...”

माइक बंद पडला. एवारिस्तोने वायर ओढली होती. पण शाळेच्या भटारखान्यात जन्मभर शेकडो पोरांच्या गोंगाटावर ओरडलेला तो गळा, त्याला माइकचं काय कौतुक?

“एवारिस्तो रेयनाच्या पाळीत त्याने दुःख सोसलं!” दोमितीला ओरडली. “पट्टा चालू होता. चालू ठेवायला लावलं होतं. तुम्हाला सगळ्यांना माहीत आहे, तुम्ही सगळे तिथेच काम करता!” मग ती पुन्हा मरियामातेकडे वळली, आणि तिचा आवाज पार खाली आला. “एवढंच. तुझ्या दुःखात मी तुझ्याबरोबर आहे. तू माझ्याबरोबर आहेस की नाही ते तू बघ.”

फादर एकदा हिच्याकडे, एकदा एवारिस्तोकडे बघत राहिला. मग कोणीतरी गाणं सुरू केलं आणि नेहमीसारखी रांग लागली. बायका एकेक करून पुढे येत होत्या, किनारीचा मुका घेत होत्या, एवारिस्तो फडक्याने पुसत होता. दोमितीला बाजूलाच उभी होती. एकीनेही डोळे वर केले नाहीत. तेंचा आली, तिनेही खाली बघूनच मुका घेतला आणि पुढे सरकली. रांग संपायच्या आत दोमितीला घरी निघून आली. त्या रात्री तिने पोटभर जेवण केलं, कितीतरी महिन्यांनी, आणि मग भांडी इतकी आदळत घासली की शेजारच्यांनी दिवा लावला.

शनिवारी कोणी आलं नाही. ईस्टर झाला, आठवडा गेला. एवारिस्तो सगळ्यांना सांगत होता की बिचारीच्या डोक्यावर परिणाम झालाय, तिच्यासाठी प्रार्थना करा. लोक ऐकून घेत होते. हो म्हणत नव्हते, नाही म्हणत नव्हते. दोमितीलाला वाटलं, संपलं. दगडावर डोकं आपटलं आणि डोकंच फुटलं.

पुढच्या रविवारी ती तरीही मिस्साच्या उपासनेला गेली. ह्यांच्या भीतीने चर्च सोडणारी ती नव्हती. शेवटच्या बाकाच्या टोकाला तिने जागा धरली. फादरचं प्रवचन झालं. दयेवर होतं. मग सगळे उठले आणि श्रद्धेची प्रार्थना सुरू झाली, नेहमीच्या त्या गुणगुणत्या एका सुरात. सर्वसमर्थ पिता, आकाश आणि पृथ्वीचा निर्माता, त्याचा एकुलता पुत्र, कुमारी मरियेपोटी जन्मला.

आणि चर्च थांबलं.

कोणी ठरवलं नव्हतं. आधी पुढच्या बाकावर तेंचाचा आवाज तुटला, मग तिच्या मागच्या बाईचा, मग भिंतीकडेच्या पुरुषांचा. तीनशे माणसं तोंड अर्धवट उघडं ठेवून उभी होती आणि कोणाच्या घशातून पुढचं नाव निघेना. सगळे वेदीकडे बघत होते. फादरने पुस्तकातून मान वर केली. माइकपाशी एकटा एवारिस्तो सवयीने पुढे म्हणत गेला होता. त्याचा आवाज स्पीकरमधून अख्ख्या चर्चभर गेला: “पोंती पिलाताच्या अमलात...”

तो थबकला. त्याने चर्चभर नजर फिरवली. एकही मान खाली गेली नाही. त्याने आपल्या पांढऱ्या झग्याची बाही दुसऱ्या हाताने घट्ट धरली.

“त्याने दुःख सोसले,” तेंचा मोठ्याने म्हणाली. ती वेदीकडे बघत नव्हती. ती वळून शेवटच्या बाकाकडे बघत होती.

मग सगळे आवाज परत आले, पूर्वीपेक्षा मोठे, आणि प्रार्थना पुढे निघाली. दोमितीलाही त्यांच्याबरोबर म्हणत होती. क्रुसावर खिळला गेला. मरण पावला. पुरला गेला.

तिथे ती थांबली. चर्च पुढे गेलं, तिसऱ्या दिवशी मेलेल्यांतून उठला म्हणालं, स्वर्गात चढला म्हणालं. दोमितीला ओठ मिटून, बाकाची कड धरून, ताठ उभी राहिली.