दुसऱ्या कडव्यापाशी अडकणारी सुई

मित्रांनो, मी एक जुना ज्यूकबॉक्स आहे. हल्ली लोक माझ्यावर ओले कोट टाकतात, पण एके काळी अमेरिकेत, कॅरोलायनातल्या या गिरणीगावाचा मी लाडका होतो. कारखान्यात माझ्या पोटात तबकड्या भरल्या आणि मला कापडगिरणीच्या फाटकासमोर, ड्यूईच्या खानावळीत आणून उभं केलं. नाणं पडलं की मी गायचो. कामाची पाळी सुटल्यावर गिरणीतल्या बायका एकच प्रेमगीत पुन्हा पुन्हा लावायच्या. शेवटी ती तबकडी झिजली आणि सुई दुसऱ्या कडव्यापाशी अडकू लागली.

मग संप झाला. विणकाम करणारी व्हर्ली काम सोडून बाहेर पडली. तिची धाकटी बहीण ओना नोकरीच्या भीतीने आतच राहिली. तिच्यासारख्या बऱ्याच जणी आत होत्या, आणि माग चालू राहिले तर संप बुडणार हे उघड होतं. व्हर्लीने माझ्या प्रेमगीताच्या चालीवर संपाचे शब्द बसवले. लगेच कोर्टाने फाटकापाशी गायला बंदी केली.

व्हर्ली तडक खानावळीत आली.

"ड्यूईदादा, दार सताड उघड आणि याला मोठ्याने लाव."

"मला आत टाकतील, बाई."

"प्रेमगीतासाठी? मग तुझं लग्न झालं तेव्हाच टाकायला हवं होतं."

मी गाऊ लागलो. बायका फाटकासमोर रांगेत उभ्या राहिल्या आणि आवाज न काढता संपाच्या शब्दांवर नुसते ओठ हलवू लागल्या. मागांच्या खडखडाटात जन्म गेल्यामुळे त्या एकमेकींचं बोलणं ओठांवरूनच वाचायच्या. गिरणीच्या खिडक्यांत चेहरे जमले. शेरीफला काही कळेना.

"काय चाललंय?"

"च्युइंगम चघळतोय, साहेब."

दुसरं कडवं आलं आणि माझी सुई अडकली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बायकांचे ओठ थांबले. तेवढ्यात खिडकीत ओनाचे ओठ हलले.

"काय म्हणतेय?" ड्यूईने विचारलं.

व्हर्लीचे डोळे भरले. "म्हणतेय, थांबलात कशाला? मी येतेय, ताई."

एकेक माग बंद पडला. गिरणीतली शांतता मी पहिल्यांदाच ऐकली.

पुढे गाणी लोकांच्या खिशात गेली आणि मी कोपऱ्यात. पण परवा ओनाची नात बरोबरच्या शिक्षिकांना घेऊन आली. तीही शिक्षिका आहे, तिच्या शाळेतही संप आहे. तिने माझ्यावरचे कोट उचलले, धूळ पुसली, तेच बटण दाबलं.

मित्रांनो, जुनी यंत्रं अशी अडगळीत टाकू नका. आम्हाला अधूनमधून पुसा, वाजवा. माझी सुई अजूनही दुसऱ्या कडव्यापाशी अडकते. परवाही अडकली, पण शिक्षिका गायच्या थांबल्या नाहीत.