बेगमबीच्या कॅसेटची बी बाजू

किशनराव सरांना मी माफ केलेलं नाही, करणारही नाही. भूकंपानंतर औशात आम्ही ताडपत्रीखाली झोपत होतो, तेव्हा ते मदत वाटायला आले आणि अम्मीची कॅसेट घेऊन गेले. अम्मी, म्हणजे बेगमबी, लग्नघरी ढोलकवर गायची. नांदेडला कॅसेट कंपनी चालवणाऱ्या चंद्रप्पांनी तिची एकच कॅसेट काढली होती. "मावशी, धुळीत खराब हुईल. कॉपी करून परत देतो," सर म्हणाले.

पुढे लातुरात सरांचे क्लास जोरात चालले. अम्मी दर ईदला शीरखुर्म्याचा डबा घेऊन जायची आणि तेच वाक्य ऐकून परत यायची. मरेपर्यंत.

आता सर जुन्या, मूळ कॅसेटा जमवतात. आवाजाचा कणही न गाळता कॉम्प्युटरवर उतरवतात, लॉसलेस म्हणतात त्याला. यंदा त्यांनी क्लासच्या हॉलमध्ये शौकीन मंडळी बोलावली. साउंड सिस्टीम माझी. मी कुणाचा मुलगा, हे त्यांच्या ध्यानीमनी नव्हतं. अम्मीची कॅसेट त्यांनी स्वतःच माझ्या हातात दिली.

अम्मीचा आवाज हॉलभर घुमला. माझे डोळे भरले आणि राग आणखीच चढला. "दुनियेत एवढीच प्रत उरली. हिला दुसरी बाजूच न्हाई," सर म्हणाले.

साफ खोटं. विकायच्या कॅसेटवर कुणी पुन्हा टेप करू नये म्हणून कोपऱ्यातला प्लास्टिकचा तुकडा मोडून खाच ठेवलेली असते. बी बाजूच्या खाचेवर चिकटपट्टी होती, म्हणजे तिच्यावर कुणीतरी पुन्हा टेप केलं होतं. मी कॅसेट उलटून लावली. सरांचाच आवाज आला, "मुलांनो, हे समीकरण बोर्डाला हमखास येतं." क्लास नवा होता तेव्हा ते पोरांसाठी लेक्चर टेप करायचे, हाताला लागेल त्या कॅसेटवर. लोक हसले. सरांचा चेहरा उतरला. मला बरं वाटलं, फार बरं वाटलं.

मग मी खरी बी बाजू लावली. चंद्रप्पांच्या बायकोने, सिंधुताईंनी, मूळ टेप जपून ठेवली होती. तिच्यावरून मी ती लॉसलेसच उतरवली होती. पाठवणीची गाणी. शेवटी अम्मी हसून विचारते, "हो गया क्या, चंद्रप्पाभाई?"

मंडळी पांगल्यावर सर पेनड्राइव्ह घेऊन आले. "बेगमबीचा जिलानी ना तू? एवढी बी बाजू दे बाबा. संग्रह अर्धाच राहिला माझा."

पेनड्राइव्ह मी खिशात घातला.

"देतो की सर. कॉपी करून परत देतो."