शिवलेला खिसा

मित्रांनो, मी एक जुना पांढरा कोट आहे. आज माझ्या तुकड्याने टेबले पुसतात, पण एके काळी मला कडक इस्त्री होत असे. एका मोठ्या हॉटेलातल्या थोरल्या वेटरच्या अंगावर मी अठरा वर्षे काढली.

तेव्हा माझे खिसे उघडे होते. पोटभर जेवलेले गिऱ्हाईक उठताना थोरल्याच्या हातावर काहीतरी ठेवी. ती खुशी होती. पुढे मालकाचा तिच्यावर डोळा गेला. कुणी पगारवाढ मागितली की तो म्हणे, "वर टीप मिळते ना? मग मी कशाला देऊ?" हलवायाच्या घरावर तुळशीपत्र! पगार तिथेच राहिला आणि थोरल्याची चूल टिपेवर चालू लागली.

मग गल्ल्याशेजारी कुलपाचा डबा आला. टीप त्यात टाकायची, वाटणी मालक करणार. ती वाटणी कधी झालेली मी तरी पाहिली नाही. वर कुणी लपवू नये म्हणून आमचे खिसे शिवून टाकायचे ठरले. काम मिळाले थोरल्याच्याच बायकोला, कारण ती घरी शिवण करी. एकवीस कोट तिने मुकाट्याने शिवले. माझ्यापाशी येऊन ती थबकली.

"अहो, दोन बोटं उघडं ठेवते. कुणाला दिसतंय?"

"नको गं, अंगाशी येईल."

तिने ऐकले नाही. मला बरेच वाटले, खोटे कशाला बोलू?

आठवड्याच्या आत एका म्हाताऱ्या गिऱ्हाइकाने त्या फटीत नोट सरकवली. मालकाने पाहिले. भर हॉटेलात त्याने माझा खिसा टराटरा उसवला.

"मीच दिली हो त्यांना," म्हातारा म्हणाला.

"द्यायला तुम्ही मोकळे आहात. घ्यायला हा नाही."

थोरल्याने मला तिथेच उतरवले. अठरा वर्षांत तो पहिल्यांदाच दिवसाउजेडी घरी गेला.

दोन दिवसांनी मीही त्याच घरी पोहोचलो. खिसा पुन्हा शिवायला! घरात आता तिच्या शिवणाचीच मिळकत उरली होती. थोरल्याने सुईत दोरा ओवून दिला आणि तिने दुहेरी टाका घातला.

मित्रांनो, हॉटेलात टीप जरूर ठेवा. पण त्याआधी वाढणाऱ्याला पगार किती मिळतो, तेही मालकाला विचारा. थोरल्याला कधी विचारता आले नाही. माझे फडके झाले, तरी तो खिसा अजून बंदच आहे. तिचा टाका पक्का होता.