आळशी कापड

कारखान्याने त्या कापडाला चांगलं भारदस्त नाव दिलं होतं, पण ते शिवणाऱ्या बायका त्याला सरळ ‘आळशी’ म्हणायच्या. चारी बाजूंनी शिवून बंद केलं की आतला वेळ रेंगाळायचा. बाहेर महिना उलटला तरी आत जेमतेम पाव तास. बटण, चेन, नाडी काही चालत नसे. फटीतून बाहेरचा वेळ आत शिरायचा. हातशिलाईच हवी, तीही बारीक. लोक त्यात फुलं ठेवत, औषधं ठेवत. धाकटीने त्यात आईला ठेवलं.

धाकटी म्हणजे दोन भावंडांतली धाकटी. आळशीच्या पिशव्या शिवण्यात तिचा हात कुणी धरू शकत नव्हतं. आईचं हृदय थकलं, डॉक्टरांनी फार तर चार दिवस सांगितले, आणि दादा समुद्रापार नोकरीत अडकलेला. आईचा सगळा जीव दादात, असं धाकटीला लहानपणापासून वाटत आलेलं. त्याची भेट न होता आई गेली तर तोंड दाखवायला जागा राहणार नाही, हे तिने मनाशी धरून ठेवलं. दुकानातलं अख्खं ठाण घरी आणून तिने पलंगाएवढी पिशवी शिवली आणि आईला आत निजवलं. कापड वेळ अडवायचं, हवा नाही, त्यामुळे श्वासाला अडचण नव्हती. मग बोटांवर हिशेब केला. महिन्याला पाव तास, म्हणजे चार दिवस तीस वर्षं सहज पुरतील. दादालाही तिने तसंच कळवलं. बाईला कुठून बुद्धी झाली कोण जाणे.

कारण ते ऐकून दादा निवांत झाला. आधी त्याची बढती आडवी आली, मग मुलीची परीक्षा, मग घराचं बांधकाम. दर वेळी म्हणे, आई आळशीत आहे ना, मग घाई कसली. धाकटी फोन ठेवून भिंतीला चार शब्द सुनावायची, पण त्याच्या तोंडावर बोलायची नाही.

इकडे एक काम तिला चुकत नव्हतं. कापड आळशी असलं तरी दोरा साधा. अर्धा आत, अर्धा बाहेर. दोन वेळांच्या ओढाताणीत तो महिन्याभरात विरायचा. म्हणून दर महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी ती जुनी शिवण उसवून नवी घालायची. अर्धा तास लागे. तेवढा वेळ आई उघड्यावर असे, आणि चांगली जागी असे.

जन्माची बोलकी बाई ती, गप्प कशी बसणार? जेवलीस का, खिडकीत कुंडी कुणी ठेवली, मघाशी तर तुझे केस काळे होते. धाकटी मान खाली घालून सांगायची की आई, आत्ता दम जपून ठेव, दादा आला की मनसोक्त बोल. आणि टाक्यामागून टाका घालत राहायची. जितकं लवकर बंद करू तितकं आईचं आयुष्य वाचेल, एवढंच डोक्यात. एकदा आईने तिच्या गालाला हात लावला. धाकटीने तो अलगद उचलून पिशवीत सरकवला आणि वरून शिवण नेली. तेव्हा तिला त्याचं काहीच वाटलं नाही.

अशी अकरा वर्षं गेली. धाकटीला चष्मा लागला, गुडघे कुरकुरायला लागले. आणि एकदाचा दादा आला. टक्कल पडलेलं, पोट सुटलेलं, दारातच रडवेला झालेला. धाकटीने घाईघाईने शिवण उसवली. आईने त्याला बरोबर ओळखलं, हात हातात घेतला, वाळलास रे म्हणाली. धाकटीला वाटलं, जिंकलं.

पण आईचा श्वास तुटत होता. असं कसं? अजून वीसेक वर्षं शिल्लक होती. आणि मग तिच्या ध्यानात आलं. शिवणाऱ्यांची जुनी खोड! कापड इंचाइंचाने मोजतील, शिलाईला लागणारा वेळ कुणी धरत नाही. आतला पाव तास तिने मोजला होता, स्वतःचा अर्धा तास कधी मोजलाच नव्हता. चारांतले पावणेतीन दिवस आईने पिशवीबाहेर काढले होते, तिच्या पुढ्यात, जागेपणी.

तिने सुई उचलली आणि पायाकडून शिवायला घेतलं. टाके वेडेवाकडे पडत होते. आईने दादाला जवळ ओढलं.

“तुझ्या बहिणीला सांग रे, शिवण खाली ठेव म्हणावं. चार दिवस झाले, पोर डोळ्यांदेखत म्हातारी होत गेली, पण एकदा माझ्याकडे बघितलं नाही तिने.”

निरोप सांगायला दादाने तोंड उघडलं, पण धाकटीने तो ऐकलाच होता. तिने सुई टाकली आणि मान वर केली. आईचे डोळे तिच्याकडेच लागलेले होते, पण आई आता त्यांतून बघत नव्हती.