वीस मिनिटांचं पद्मासन

कुंडलिका नदीच्या पाण्यावर मांडी घालून चहा पिणारा माणूस रोहा-अष्टमीत एकच होऊन गेला, आणि तो अजून जिवंत आहे. तो म्हणजे मी, दामोदर. माझ्याबद्दल पुलावर आणखी बरंच ऐकाल. मगरीला जांभई द्यायला शिकवली वगैरे. ते सोडा. मगर मुळात आळशी होती.

पण चहाचं खरं. दर नारळी पौर्णिमेला पुलावर माणसं दाटायची. मी गळ्याएवढ्या पाण्यात शिरायचो, दहा पावलं चालायचो, डोळे मिटायचो आणि हळूहळू वर यायचो. मांडी घातली की पाणी बरोबर बेंबीला. मग महमूद होडीतून कपबशी आणून हातात द्यायचा. फुरका मारला की पुलावर टाळ्या.

पाण्याखाली एक धोंड होती. पाटासारखी सपाट. ती ठाऊक फक्त मला आणि महमूदला. वरून वीजघराचं पाणी सुटलं की ती बरोबर वीतभर बुडायची, आणि श्रावणातल्या गढूळ पाण्यात पुढचं देव जाणे. मी मुहूर्त काढतो असं लोक म्हणायचे. मी वेळापत्रक बघायचो.

आता तुम्ही विचाराल, एवढा खटाटोप कशाला? वत्सलेमुळे. नदीपलीकडच्या अष्टमीची वत्सला तेव्हा पुलावर उभी होती. तिला दोन स्थळं आलेली, दोन्ही सरकारी नोकरीतली. तिने पाण्यावर बसलेला पसंत केला. एक्केचाळीस वर्षं झाली. पेन्शन नाही म्हणून कधी टोमणा आलाच तर मी एवढंच म्हणायचो, "पाण्यावर बसलेला माणूस आहे मी." की ती गप्प. सगळं गाव हसलं तरी चालेल, पण वत्सलेसमोर हा माणूस बुडता कामा नये, एवढीच माझी इस्टेट.

तर गेल्या वर्षी शेजारच्या वरसे गावातल्या एका नव्या सोसायटीने पोहण्याचा तलाव बांधला. निळ्या फरश्या, पाणी असं की तळाची टाचणी दिसावी. आणि घरी पत्र आलं: उद्घाटनाला दामोदरकाकांचं जलपद्मासन. माझं नाव कुणी सुचवलं ते पत्रात नव्हतं.

"जा की," वत्सला म्हणाली. "मी पुढच्या रांगेत बसते."

त्यात तलावाची शिक्षिका हेमांगी घरी येऊन सांगून गेली, "काका, मी गॉगल लावून खालून व्हिडिओ काढणार आहे. तरंगता कसे ते मुलांना दाखवायचंय."

मी महमूदकडे गेलो. तो कुवेतहून कायमचा परत आलेला, दिवसभर झोपाळ्यावर.

"खालून?" महमूद म्हणाला. "मग तू मेलास रे दामू."

"उपाय सांग."

"आजारी पड."

"वत्सला काढा करते. त्यापेक्षा बुडलेलं बरं."

"मग धोंडच उचलून न्यायला हवी," तो थट्टेत म्हणाला, आणि मी ते मनावर घेतलं.

दुसऱ्या दिवशी पेणची एसटी पकडली. तिथे कमळाकर मूर्तिकार माझ्या ओळखीचा. तीन पिढ्या गणपती घडवतायत. त्याला तलावाच्या फरशीचा फोटो दाखवला. म्हटलं, मांडी घालता येईल असं आसन कर, साडेतीन फूट पाण्यात वीतभर बुडेल असं, आणि रंग असा दे की तळाची फरशी कुठे संपते आणि आसन कुठे सुरू होतं ते कळू नये. कमळाकरने फोटो मोठा करून पाहिला.

"गणपतीच्या डोळ्यांची आखणी करतो मी, काका. फरशीच्या रेघा म्हणजे काय."

आसन खरंच बघण्यासारखं झालं. फरश्यांच्या मधल्या सिमेंटच्या रेघासुद्धा रंगवलेल्या. उद्घाटनाच्या दिवशी पाहुण्यांची गाडी दिसताच सोसायटीची सगळी मंडळी हार घेऊन पुढच्या फाटकाशी धावली, तेव्हा कमळाकर, त्याची तीन माणसं आणि महमूद यांनी ते मागच्या बाजूने टेम्पोतून उतरवून उथळ बाजूला पाण्यात सोडलं. वॉचमनला सांगितलं, जलपूजेचा चौरंग. त्याने नमस्कार केला.

मी पाण्यात उतरलो. दहा पावलं, डोळे मिटले, वर आलो, मांडी घातली. महमूदने काठावरून कपबशी दिली. टाळ्या. पुढच्या रांगेत वत्सला, हिरवी साडी. काठावर गॉगल चढवत असलेली हेमांगी. प्रमुख पाहुणे भाषणाला उभे राहिले.

तेवढ्यात कमळाकर काठाशी वाकून कुजबुजला, "काका, बिनधास्त बसा. अस्सल शाडू आहे. प्लास्टरचा कण नाय."

"म्हणजे?"

"म्हणजे वीस मिनिटांत पूर्ण विरघळणार. गॅरंटी. माशालापण त्रास नाय."

बिचाऱ्याचा चेहरा अभिमानाने फुललेला. चूक त्याची नव्हती. गणपती विरघळत नाहीत म्हणून लोक इतकी वर्षं त्याला बोल लावतात. पाण्यात जायची वस्तू विरघळू नये असं मागणारं गिऱ्हाईक त्याने जन्मात पाहिलं नव्हतं, आणि मीही तोंडाने सांगितलं नव्हतं.

पाहुणे म्हणाले, "मी फक्त दोन शब्द बोलणार आहे." म्हणजे निदान पाऊण तास. मी मनात रामनाम घेतलं.

आधी निळा रंग सुटला. मग तपकिरी. दहाव्या मिनिटाला माझं बूड ओल्या पुरणात बसल्यासारखं झालं. पंधराव्या मिनिटाला पाणी बेंबीवरून छातीला. तलाव आता श्रावणातली कुंडलिका. हेमांगी खालून वर आली, गॉगल पुसला, म्हणाली, "काहीच दिसत नाही." तेवढंच बरं.

अठराव्या मिनिटाला आसन गेलं. पाय तळाला टेकले. मी गुडघे वाकवले, हनुवटी पाण्याबरोबर ठेवली, कप वर धरला आणि काठाकडे सरकू लागलो.

"चालतायत," कुणीतरी म्हणालं. "पद्मासनात चालतायत."

टाळ्यांनी मला चेव आला. काठ राहिला बाजूला, म्हटलं तलाव पार करू. आणि त्या तलावाला उतार होता, हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

नाक गेलं. कान गेले. वर राहिला फक्त हात आणि कपबशी. टाळ्यांचा कडकडाट मला पाण्याखाली ऐकू आला. त्यातच पुढच्या रांगेतून शांत आवाज आला.

"गो हेमांगी, काढ ह्यांना बाहेर. ह्यांना पोहता येत नाय."

काढलं. पोटातून वाटीभर शाडू निघाला. कपातला चहा सांडला नव्हता, हे महमूदने सगळ्यांना फिरून दाखवलं.

परतताना रिक्षात मी मान खाली घालून बसलो होतो.

"कधीपासून ठाऊक?" मी विचारलं.

"लग्नाआधीपासून. त्या धोंडीवर माझ्या आयेने गोधड्या धुतल्या. अष्टमीतल्या सगळ्या बायकांना ठाऊक हाय ती."

"मग मला पसंत का केलंस?"

"ती दोन स्थळं बघायला आली तेव्हा अर्धा तास पगारच सांगत होती. तुमच्याकडे निदान ऐकण्यासारखं काहीतरी होतं."

रिक्षा पुलावर आली. खाली नदी उतरलेली, धोंड उघडी पडलेली. तिच्यावर कुणाची तरी गोधडी वाळत होती.

"माझं नाव सोसायटीत दिलं कुणी?"

वत्सला बाहेर बघत म्हणाली, "एक्केचाळीस वर्षं तीच गोष्ट ऐकली. म्हटलं, आता नवी हवी."