काळी शाल आणि कात्री

मी एक जुना कॅमेरा आहे. मित्रांनो, अशा कहाण्या गोड आवाजात सांगायची रीत आहे, पण मला ते जमणार नाही. बुडापेस्टच्या संग्रहालयात मला काचेच्या पेटीत ठेवलं आहे. रोज पुसतात, आणि रोज माझ्या अंगाची लाही लाही होते.

वेंडेल रेगोश हा माझा माणूस. चित्रपट दिग्दर्शित करायचा आणि छायाचित्रणही स्वतःच करायचा, कारण दुसऱ्याच्या डोळ्यावर त्याचा भरवसा नव्हता. त्याच्या भुवईचा घाम माझ्या अंगावर उतरायचा. आम्ही कारखान्यांत, शेतांत, नदीकाठी खूप राबलो. बक्षिसं मिळाली, तेव्हा स्टुडिओतले साहेब त्याची पाठ थोपटत होते.

मग कम्युनिस्ट सरकारच्या सामुदायिक शेतीचं कौतुक करणारा चित्रपट काढायचं काम आलं. तिसा नदीकडच्या एका गावी आंबरुश नावाच्या म्हाताऱ्या शेतकऱ्याला भेटायला गेलो, तर तो आदल्या दिवशीच वारला होता. त्याच्या बायकोने, रोझाल मावशीने, आम्हाला आत घेतलं, पाहुण्यांना देतात तशी पालिंका, म्हणजे फळांची दारूही ओतली. मी तिपाईवर चढून खोली आणि पेले टिपतो न टिपतो तोच तिने आपली काळी शाल माझ्या तोंडावर टाकली.

"घरात मयत आहे, बाबा. आमच्यात आरसे झाकतात. हाही आरसाच की, मी दिसतेय त्यात."

"राहू दे झाकलेला, मावशी," वेंडेल म्हणाला. "तुम्ही बोला."

त्याने मला थांबवलं नाही. शेजारी आवाजाचं यंत्र फिरत होतं. आंबरुशला गावच्या कचेरीत नेऊन, मारून, जमीन दिल्याच्या कागदावर सही कशी करायला लावली, ते ती सांगत गेली. मला दिसत काहीच नव्हतं, पण माझ्या पोटात फिल्म सरकत होती.

स्टुडिओचे मुख्य साहेब हाल्मोश यांनी ते पाहिलं. "काय रे, इतका मोठा छायाचित्रकार तू, आणि झाकण काढायला विसरलास?"

"विसरलो नाही. तिनं घातलं होतं."

"काप तो काळोख."

"नाही कापणार."

चित्रपट डब्यात बंद झाला. माझ्या वेंडेलला ट्रॅक्टरला तेल कसं घालावं याचे माहितीपट करायला लावलं. त्याचे उमेदीचे दिवस त्या तेलात गेले. मित्रांनो, मला दात असते तर मी त्या साहेबाला चावलो असतो.

पुढे राजवट बदलली. हाल्मोशची खुर्ची मात्र टिकली. त्यानेच वेंडेलचा सत्कार ठरवला, तोच चित्रपट दाखवायचा म्हणाला, आणि मला हार घालून व्यासपीठावर बसवलं. पडद्यावर मावशीची खोली आली, पालिंकेचे पेले आले, आणि एकदम गव्हाचं शेत आलं. शाल नव्हती. मावशीचा आवाज नव्हता.

"लोकांना वाटलं असतं, यंत्र बिघडलं," हाल्मोश हळूच म्हणाला. "तुझ्याच भल्यासाठी काढलं."

"तुकडा कुठाय?"

"कचऱ्यात गेला असेल. मनावर घेऊ नकोस."

वेंडेल उठला. चित्रपट थांबवायला लावला, सगळे दिवे घालवायला लावले. मिट्ट काळोखात त्याने मावशीचे शब्द तिच्याच बोलीत म्हणायला सुरुवात केली. "सही करून घरी आला, आणि उजव्या हातानं पुन्हा पाव खाल्ला नाही. डाव्या हातानं खायचा, तान्ह्या पोरासारखा सांडत. म्हणायचा, रोझाल, हा हात माझा नाही. काल त्याला आंघोळ घातली, तेव्हा मीच तो हात धुतला."

दिवे परत लागले. फक्त हाल्मोश टाळ्या वाजवत होता.

मित्रांनो, मला जपा अशी विनवणी मी करणार नाही. माझ्यावर धूळ साचू दे. तुमच्याजवळ कोणी म्हातारं माणूस बोलू लागलं, तर शेवटपर्यंत ऐका आणि शब्द न् शब्द लक्षात ठेवा. हाल्मोशच्या हातात अजून कात्री आहे.