आळशी चंद्राचा दिवस

तिने डाव्या हाताने वडिलांची हनुवटी वर उचलली आणि गळ्यावरच्या फेसातून रेझर अलगद वर ओढला. कातडी आता इतकी सैल झाली होती, की दुसऱ्या हाताने ताणून धरल्याशिवाय दाढी करता येत नसे.

"ऐका हो ऐका," फेसाआडून वडील म्हणाले. "आळशी चंद्र मागं पडला आहे. आजचा दिवस कुठल्याच महिन्यात धरला जाणार नाही."

"बोलू नका, बाबा. ब्लेड लागेल."

"लागू दे. आज लागलेलं धरत नाहीत."

दारात उभी असलेली आत्या हातातली चादर झटकत म्हणाली, "झालं सुरू! देवानं दिलेला एक चंद्र ह्याला पुरला नाही, म्हणून ह्यानं दुसरा आणला. तोही ह्याच्यासारखाच, लोळणारा."

वडील हसले. तिने रेझर पटकन मागे घेतला आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. वाचनालयाची किल्ली तिच्याकडे असायची, आणि बस चुकली तर वर्तमानपत्रं वाचायला आलेले म्हातारे पायरीवर ताटकळत बसायचे.

वडिलांचा जन्म कॅलेंडरच्या छापखान्यात गेला होता. सगळ्या गावाचं नवं वर्ष त्यांच्या हातून आधीच कापलं जायचं, त्याला वर पत्र्याची पट्टी बसायची, आणि गठ्ठे बांधून ते कोपऱ्यात पडायचं. "येणाऱ्या वर्षात काय आहे ते मी पाहून आलोय," ते घरी येऊन म्हणायचे. "काही नाही. चौकटी." म्हणून असेल, पण लेकीसाठी त्यांनी एक असा देश काढला, जिथे वर्षाची खात्री कुणालाच देता येत नव्हती. कापून उरलेल्या कागदाच्या पट्ट्यांवर ते त्या देशाचं कॅलेंडर छापून आणत. त्यात मुंग्यांचा महिना होता, धुक्याचा होता, हरवलेल्या छत्र्यांचाही होता. आकाशात दोन चंद्र होते. एक वक्तशीर, दुसरा आळशी. आळशी चंद्र वाटेत कुठे डुलकी काढून मागे राहिला, की हिशेबात एक दिवस उरायचा. त्या दिवशी कुणाचं वय वाढत नसे. गृहपाठ धरत नसत, ताप धरत नसत.

अट एकच होती. एकाने दिवस जाहीर करायचा आणि दुसऱ्याने 'ऐकलं' म्हणायचं. तो शब्द येईपर्यंत दिवस संपत नसे.

रविवारी संध्याकाळी ती दोन्ही हातांनी तोंड गच्च दाबून कपाटामागे बसायची. वडील विनवायचे, दम द्यायचे, शेवटी गुदगुल्या करायचे. जेवायच्या वेळेपर्यंत तो शब्द तिच्या तोंडून निसटायचाच, आणि सकाळी शाळा यायचीच. मग एका वर्षी ती म्हणाली, "बाबा, पुरे आता." त्यांनी विनवणं आणि गुदगुल्या सोडल्या. जाहीर करणं मात्र सोडलं नाही, आणि तीही कामाच्या नादात 'ऐकलं, ऐकलं' म्हणून टाकायची.

तिने ओल्या टॉवेलने त्यांचे गाल पुसले, तुरटी फिरवली. ते तिच्या तोंडाकडे पाहत राहिले. तिने ब्रश कपात उभा करून कप खिडकीत ठेवला, किल्ली शोधली आणि "येते" म्हणून निघाली.

दुपारी आत्याचा फोन आला. ती फक्त "ये गं" म्हणाली.

नंतर माणसं येऊन गेली. खाटेवरची गादी गुंडाळून माळ्यावर गेली. औषधं शेजारच्यांनी कुणाला तरी लागतील म्हणून नेली. खिडकीतला कप तेवढा तिथेच राहिला. फेस वाळून त्याची साय झाली होती, आणि तिच्यात बारीक पांढरे केस रुतले होते. आत्याने दोनदा तो उचलला.

"राहू दे, आत्या," ती म्हणाली.

आयुष्यभर पुस्तकं जागच्या जागी लावणारी बाई होती ती. खूळ कशाला म्हणतात ते तिला कळत होतं. तरी 'ऐकलं' हा शब्द तिने टाळला. फोनवर कुणी "ऐकलंस ना?" म्हटलं, की ती नुसतं "हो" म्हणायची. त्या कॅलेंडरात अजून तीच सकाळ चालू होती.

आत्या गावी परत जायला निघाली त्या दिवशी पिशवीत लुगडी कोंबता कोंबता थांबली.

"तुला एक सांगायचं राहिलं. तू गेल्यावर तो फार खुशीत होता बघ."

"कशानं?"

"म्हणाला, पोरीनं आज उत्तर नाही दिलं. तोंड मिटून बसली, लहानपणी बसायची तशी. मी म्हटलं, अरे मग रुसली असेल. तर म्हणतो कसा, 'तुला नाही कळायचं, अक्का. तिनं दिवस धरून ठेवलाय. आता मला कुठं जायचंय!' आणि कुशीवर वळला. मग मी चहा घेऊन गेले, तर..."

आत्याने पदर डोळ्यांना लावला.

"तसंच होतं ना गं? मुद्दामच गप्प बसलीस ना?"

ब्लेड, बस, पायरीवरचे म्हातारे. त्या सकाळी तिच्या डोक्यात दुसरं काही नव्हतं.

"हो," ती म्हणाली.

आत्याला रिक्षात बसवून ती घरात आली. कप उचलून मोरीत गेली. नळाखाली साय लवकर सुटेना. तिने बोटाने चोळली. पांढरे केस थोडा वेळ मोरीच्या फरशीला चिकटून राहिले, मग तेही वाहून गेले. बाहेर कुणीतरी आपल्या मुलांना घरात बोलावत होतं. खिडकीतलं ऊन रोजच्यासारखंच उतरत होतं.

तिने ओले हात तोंडावर दाबले. बराच वेळ तशीच उभी राहिली. गुदगुल्या करायला कुणी आलं नाही.

तिने हात खाली घेतले.

"ऐकलं, बाबा," ती म्हणाली.